५ नोव्हेंबरच्या पानावर जेनिफर केंडलला जागा द्या

मराठी दैनिकांच्या आणि साप्ताहिकांच्या नाट्य-चित्रपट पुरवण्यांचे सर्व संपादक यांस,

सप्रेम नमस्कार.

दर वर्षी ५ नोव्हेंबरच्या तुमच्या पुरवण्या मी विकत घेते आणि जपून ठेवते. मराठी रंगभूमी दिनाचा अंक असतो तो. १८४३ साली सांगलीत विष्णुदास भाव्यांनी ‘सीता स्वयंवर’चा खेळ केला तिथून सुरुवात होते, मग देवल, किर्लोस्कर, बालगंधर्व, गडकरी, कानेटकर, तेंडुलकर, एलकुंचवार. हे सगळं मी आवडीनं वाचते. तरीही गेली बरीच वर्षं तो अंक मिटताना माझ्या मनात एकच गोष्ट येते, आणि आता ती तुमच्यापर्यंत पोचवल्याशिवाय राहवत नाही.

याच तारखेला, ५ नोव्हेंबर १९७८ रोजी, मुंबईत जुहूच्या जानकी कुटीरमध्ये पृथ्वी थिएटर सुरू झालं. पहिलं नाटक कोणतं झालं? ‘उद्ध्वस्त धर्मशाळा’. आपल्या गो. पु. देशपांड्यांचं. मराठीत डॉ. श्रीराम लागूंनी गाजवलेलं, एका डाव्या विचारांच्या प्राध्यापकाच्या चौकशीचं ते नाटक पृथ्वीवर हिंदीतून झालं, आणि त्यात नसीरुद्दीन शाह आणि ओम पुरी होते. मराठी रंगभूमी दिनी, मराठी नाटककाराच्या शब्दांनी, मुंबईतलं एक नवं नाट्यगृह उघडलं. तारीख जाणून निवडली होती की योगायोगानं जुळली, या वादात मी पडत नाही. मराठी नाटकाशी पृथ्वीचं नातं पहिल्या दिवसापासूनचं आहे, एवढं मला पुरतं.

आणि ते नाट्यगृह ज्या दोघांनी उभं केलं त्यांतली एक इंग्लंडमध्ये जन्मलेली नटी होती. तिचं नाव जेनिफर केंडल. दुसरा तिचा नवरा, नट शशी कपूर.

आवडत्या नटीला आपण एकेरीच हाक मारतो, म्हणून मीही तिला ‘ती’च म्हणणार आहे.

४ डिसेंबर २०१७ ला शशी कपूर गेले. पुढचे तीन-चार दिवस मी हाताला लागतील ती सगळी मराठी वर्तमानपत्रं घेतली आणि कात्रणं काढून वहीत चिकटवली. ती वही आत्ता माझ्यासमोर आहे. शशी कपूरबद्दल पानंच्या पानं आली होती, आणि ती यायलाच हवी होती, माणूसही तसाच गोड होता. जेनिफरच्या वाट्याला मात्र प्रत्येक लेखात दोन किंवा तीन ओळी होत्या. एकीत ‘गोरी सून’. दुसरीत ‘विदेशी पत्नी’. तिसरीत ती गेल्यावर शशी कपूर कसे खचले आणि त्यांची तब्येत कशी सुटली याचं वर्णन. तिनं कुठल्या सिनेमात काम केलं हे अर्ध्याहून अधिक लेखांत नव्हतं. एका ठिकाणी नाव होतं, पण आडनाव ‘केन्डॉल’ असं छापलेलं. एका लेखात तर तिच्या जागी तिच्या बहिणीच्या सिनेमाचं नाव होतं.

मी तुमच्यावर रागावून लिहीत नाहीये. रात्री नऊ वाजता मृत्यूची बातमी येते, पान बारा वाजता सोडायचं असतं, हे मला कळतं. पण पुढच्या ५ नोव्हेंबरला वेळ आहे. म्हणून तिच्याबद्दल मला जे खात्रीनं माहीत आहे ते इथे सलग लिहून देते. त्यातलं हवं ते उचला.

जेनिफर २८ फेब्रुवारी १९३३ ला इंग्लंडमधल्या साउथपोर्टला जन्मली. वडील जेफ्री केंडल, आई लॉरा लिडल, दोघंही नट. वडिलांचं मूळ आडनाव ब्रॅग. आपल्या केंडल या गावाचं नाव त्यांनी रंगभूमीसाठी घेतलं. दुसऱ्या महायुद्धात सैनिकांची करमणूक करायला जी नाटक मंडळी निघाली तिच्याबरोबर ते हिंदुस्थानात आले आणि या देशात जीव गुंतवून बसले. पुढे ‘शेक्सपिअराना’ नावाची स्वतःची नाटक कंपनी काढून १९४७-४८ मध्ये आणि पुन्हा १९५३ पासून त्यांनी देशभर दौरे केले. संस्थानिकांच्या राजवाड्यांत खेळ, कॉन्व्हेंट शाळांच्या हॉलमध्ये खेळ, लष्कराच्या छावण्यांत खेळ. रेल्वेच्या डब्यात ट्रंका, ट्रंकांत कपडेपट, मुकुट, लाकडी तलवारी. बंगाली रंगभूमीचे उत्पल दत्त तरुणपणी याच कंपनीत होते.

मराठी वाचकाला ही गोष्ट समजावून सांगावी लागणार नाही. बिऱ्हाड पाठीवर घेऊन हिंडणारी नाटक कंपनी आपल्या रक्तात आहे. गाव बदललं की स्वयंपाकघर बदलतं, मुलं विंगेत झोपतात, ज्याला आज राजाचं काम त्यानं सकाळी पडदे बांधायचे. किर्लोस्कर मंडळींपासून गंधर्व कंपनीपर्यंत आपण हेच वाचत आलो. केंडल मंडळींचं बिऱ्हाड तसंच होतं, फक्त भाषा शेक्सपिअरची. जेनिफर अशा घरात वाढली. ‘ओथेल्लो’तली डेस्डिमोना, ‘मर्चंट ऑफ व्हेनिस’मधली पोर्शिया ही तिची कामं. शाळा-कॉलेजचं शिक्षण फार झालं नाही, पण नाटकातलं एकही काम तिला परकं नव्हतं: पाठांतर, शिवण, रंगभूषा, मोजदाद, सामानाची बांधाबांध.

१९५६ मध्ये कलकत्त्याला तिची आणि शशी कपूरची भेट झाली. तो अठरा वर्षांचा, वडील पृथ्वीराज कपूर यांच्या ‘पृथ्वी थिएटर्स’ या फिरत्या नाटक कंपनीत काम करणारा. ती त्याच्याहून पाच वर्षांनी मोठी आणि आपल्या वडिलांच्या कंपनीची नायिका. दोघंही फिरत्या नाटक कंपनीची मुलं. मला नेहमी वाटतं, त्यांचं जुळलं ते इथे. पुढे शशी कपूर शेक्सपिअरानात सामील झाला आणि इंग्रजीतून शेक्सपिअरच्या भूमिका करू लागला. तिच्या वडिलांना हे लग्न मान्य नव्हतं. कंपनीची मुख्य नटी निघून जाणार, हे दुःखही त्यात असेल. १९५८ च्या जुलैत लग्न झालं.

इथे एक गोष्ट सांगते, ती बहुतेक लेखांत गोंधळानं येते. १९६५ मध्ये जेम्स आयव्हरींचा ‘शेक्सपिअर वाला’ आला. केंडल कुटुंबाच्या भटकंतीवरच तो बेतलेला. जेफ्री आणि लॉरा त्यात आहेत, शशी कपूर आहे, संगीत सत्यजित राय यांचं. पण हिंदुस्थानी तरुणाच्या प्रेमात पडणाऱ्या मुलीचं काम जेनिफरचं नाही, तिची धाकटी बहीण फेलिसिटीचं आहे. फेलिसिटीचा जन्म १९४६ चा, ती सात वर्षांची असताना आईवडिलांबरोबर हिंदुस्थानात आली आणि इथल्याच कॉन्व्हेंटांत शिकली. सिनेमात शेवटी ती मुलगी बोटीनं इंग्लंडला जाते. प्रत्यक्षात फेलिसिटी इंग्लंडला गेली आणि तिथे नाव कमावलं. बीबीसीच्या ‘द गुड लाइफ’ या १९७५ ते १९७८ च्या मालिकेनं ती घराघरात पोचली. नंतर टॉम स्टॉपर्ड या ब्रिटिश नाटककाराच्या नाटकांत तिनं मोठी कामं केली. त्यांचं ‘इंडियन इंक’ हे नाटक तर हिंदुस्थानाशी जोडलेलं, आणि त्यात तीच होती. म्हणजे एक बहीण ब्रिटिश टेलिव्हिजनची लाडकी झाली आणि दुसरी मुंबईत राहिली. आपल्याकडे दोघींची सरमिसळ होते. इंग्लंडमध्ये फेलिसिटीचं नाव आजही लोक घेतात. जेनिफरचं नाव घ्यायचं काम मुंबईचं होतं, आपलं होतं.

मुंबईत ती सव्वीस वर्षं राहिली. करण, कुणाल आणि संजना ही तिची मुलं. सिनेमे मोजके केले आणि ते सगळे हाताच्या बोटांवर मोजता येतात. १९७० चा ‘बॉम्बे टॉकी’: त्यात ती मुंबईत येऊन एका हिंदी नटाच्या प्रेमात वाहवत जाणारी इंग्रज लेखिका झाली होती. लोकांना त्यातलं टाइपरायटरवरचं गाणं तेवढं आठवतं. मला तिचा चेहरा आठवतो. स्वतःला फसवत असलेल्या बाईचा चेहरा इतका उघडा करून दाखवणं सोपं नाही. त्या सिनेमात अपर्णा सेनही होती. ही ओळख पुढे कामी आली.

मग १९७८ चं ‘जुनून’. श्याम बेनेगल यांचा, शशी कपूर यांनी निर्माण केलेला, १८५७ च्या शहाजहानपूरचा. त्यात जेनिफर मरियम लॅबाडूर आहे. नवरा चर्चमध्ये मारला गेलाय (तो नवरा झालेत तिचे खरे वडील जेफ्री केंडल), हाताशी तरुण मुलगी आहे, आणि ज्यानं त्यांना आपल्या घरी आणून ठेवलंय तो पठाण जावेद खान त्या मुलीसाठी वेडा झालाय. मरियम त्याला नकार देत नाही, होकारही देत नाही. ती अट घालते: दिल्ली तुमच्या हातात राहिली तर मुलगी तुमची, इंग्रजांनी दिल्ली घेतली तर तुम्ही हा विषय सोडायचा. समोर स्वतःचा नवराच जावेद खान म्हणून उभा आहे, आणि जेनिफर उर्दूतून, आवाज न चढवता हे बोलते. संवाद इस्मत चुगताई आणि सत्यदेव दुबे यांचे. हे दृश्य आमच्या नाट्यशिबिरात मी मुलांना कित्येकदा दाखवलंय. परक्या भाषेत काम करणाऱ्या नटानं काय करावं हे त्यातून कळतं: उच्चारांची नक्कल करू नये, त्या बाईला काय हवंय ते धरून ठेवावं.

सत्यदेव दुबे म्हटलं की तुमच्यातल्या जुन्या मंडळींचे कान टवकारतील. मराठी प्रायोगिक रंगभूमीला ज्यांनी घडवलं त्यांत दुब्यांचं नाव वरचं. त्यांचं पृथ्वीवर येणंजाणं, तिथल्या तालमी, तिथले वाद, यावर तुम्ही लेख छापले आहेत. त्या लेखांमध्येही त्या जागेची व्यवस्थापक म्हणून पहिल्या वर्षांत तिथे उभी राहिलेली बाई फारशी दिसत नाही.

त्या जागेचा इतिहास थोडक्यात असा. पृथ्वीराज कपूर यांनी १९४४ मध्ये पृथ्वी थिएटर्स सुरू केलं, १९६० मध्ये ते थांबलं. कंपनीला स्वतःचं घर नव्हतं ही त्यांची खंत होती. जुहूला भाड्यानं जमीन घेतली होती, पण १९७२ मध्ये ते गेले, जमिनीचा करारही संपला. पुढे कुटुंबानं ती जमीन घेतली, १९७५ मध्ये विश्वस्त निधी स्थापन झाला आणि वास्तुरचनाकार वेद सेगान यांनी नाट्यगृहाचा आराखडा केला. जागा लहान, खुर्च्या दोनशेच्या आसपास. रंगमंच प्रेक्षकांत घुसलेला, तीन बाजूंनी माणसं. पहिल्या रांगेतल्याचा पाय नटाला लागेल इतकं जवळ. शेवटच्या रांगेतल्या माणसालाही नटाच्या पापण्या दिसतात.

हजार-बाराशे खुर्च्यांच्या नाट्यगृहात वाढलेल्या माझ्यासारखीला ते पहिल्यांदा पाहिलं तेव्हा छाती दडपली. १९८१ किंवा ८२ असेल, गोरेगावहून बसनं गेलो होतो आम्ही तिघी शिक्षिका. नाटक सुरू झाल्यावर दार बंद झालं आणि उशिरा आलेल्यांना आत सोडलं नाही. आमच्या ओळखीचे एक गृहस्थ बाहेर राहिले आणि फार चिडले. आज मला वाटतं, नाटक वेळेवर सुरू होणं हा प्रेक्षकाचाही मान आहे, हे मी तिथे शिकले. फिरत्या कंपनीत ज्याचं आयुष्य गेलं त्याला गाडीची आणि खेळाची वेळ चुकवून चालत नाही.

नाट्यगृह बांधणं एक आणि ते चालवणं दुसरं, हे तुम्हाला मी सांगायला नको. आपल्या गावोगावच्या नाट्यगृहांची दुरवस्था तुम्हीच छापता: गळकी छपरं, बंद वातानुकूलन, रंगपटातली घाण. पृथ्वी आज पंचेचाळीसहून अधिक वर्षं झाली तरी चालू आहे. पहिली सहा वर्षं ते शशी कपूरच्या पैशावर आणि जेनिफरच्या हातांवर चाललं. शशी कपूर तेव्हा दिवसाला अनेक पाळ्यांत शूटिंग करत होते. रोजचं नाट्यगृह तीच बघत होती. तिच्यामागे कुणाल आणि संजना यांनी ते सांभाळलं. हिंदी, इंग्रजी, गुजराती, मराठी अशा किती तरी नाटकांना तिथे कमी खर्चात जागा मिळाली, आणि मकरंद देशपांडे यांच्यासारखे आपले लोक तिथे घडले.

आता ‘३६ चौरंगी लेन’. या सिनेमावर मी थोडी थांबणार आहे, कारण माझं आणि तिचं खरं नातं तिथलं.

अपर्णा सेन यांचा दिग्दर्शक म्हणून पहिला सिनेमा, १९८१ चा, निर्माता पुन्हा शशी कपूर, छायाचित्रण अशोक मेहता यांचं. जेनिफर यात व्हायोलेट स्टोनहॅम आहे, कलकत्त्यात एकटी राहणारी अँग्लो-इंडियन शिक्षिका. मुलींच्या शाळेत शेक्सपिअर शिकवते. वर्गातल्या मुलींना त्यात रस नाही. घरी एक काळं मांजर, त्याचं नाव सर टोबी, ‘ट्वेल्फ्थ नाइट’मधलं. भाऊ एडी वृद्धाश्रमात. तो झालेत पुन्हा जेफ्री केंडल. भाची ऑस्ट्रेलियाला निघून गेली आहे. मग एक जुनी विद्यार्थिनी नंदिता आपल्या मित्राला घेऊन येते. बाईंच्या घरात दिवसा बसून त्याला लिहायचंय, असं सांगतात. बाई चावी देतात. त्या दोघांना खरं तर एकांत हवा असतो. बाईंना मात्र घरात कुणीतरी येऊ लागलंय याचाच आनंद.

जेनिफर तेव्हा सत्तेचाळीस-अठ्ठेचाळीस वर्षांची होती आणि तिनं आपल्याहून कितीतरी म्हातारी बाई उभी केली. ते म्हातारपण पांढऱ्या केसांत नाही. ते पर्स उघडण्यात आहे, जिना चढताना मध्ये थांबण्यात आहे, कुणी चहाला थांबणार म्हटल्यावर कपबश्या काढताना होणाऱ्या घाईत आहे. कुठेही ती आपली कीव मागत नाही.

शाळेत नवीन मुख्याध्यापिका येतात आणि व्हायोलेटबाईंचा शेक्सपिअर काढून दुसऱ्या शिक्षिकेला देतात. बाईंना व्याकरण.

मी सदतीस वर्षं मराठी माध्यमाच्या शाळेत इंग्रजी शिकवलं. निवृत्तीच्या दोन वर्षं आधी माझ्याकडचा दहावीचा वर्ग काढून मला पाचवीचं व्याकरण दिलं. कुणी वाईट वागलं नाही. ‘बाई, तुम्हाला आता त्रास नको’ असं हसून सांगितलं. वेळापत्रकाचा कागद घेऊन मी शिक्षक-खोलीत आले, आणि माझ्या डोळ्यांसमोर जेनिफर आली. तीही असाच कागद घेऊन उभी राहिली होती आणि तिनं काहीच म्हटलं नव्हतं. तो सिनेमा मी तरुण असताना फिल्म सोसायटीच्या खेळाला पाहिला होता. तेव्हा वाटलं होतं, किती दूरची गोष्ट आहे ही, कलकत्त्याची, अँग्लो-इंडियन लोकांची.

नाताळात व्हायोलेटबाई केक भाजतात. नंदितानं सांगितलेलं असतं की आम्ही गावाला जाणार आहोत. तरी बाई केक घेऊन तिच्या घरी जातात. खिडकीतून दिसतं की आत पार्टी चालली आहे. बाई वळतात. रस्त्यावरचा एक कुत्रा बरोबर चालू लागतो आणि त्या रिकाम्या रस्त्यावर बाई त्याला ‘किंग लिअर’मधल्या ओळी म्हणून दाखवतात, त्या ओळी, जिथे म्हातारा राजा म्हणतो की माझी थट्टा करू नका, मी एक खुळा, भाबडा म्हातारा आहे.

संपादक महोदय, लिअर आपल्याला काही नवा नाही. १९७० च्या डिसेंबरात डॉ. लागूंनी ‘नटसम्राट’चा पहिला प्रयोग केला तेव्हापासून कुसुमाग्रजांच्या अप्पासाहेब बेलवलकरांमधून तो आपल्या घरात राहतोय. ‘कुणी घर देता का घर’ हे आपल्यातल्या प्रत्येकाला पाठ आहे. अप्पासाहेबांचा लिअर गर्जतो, आभाळाला प्रश्न विचारतो. जेनिफरचा लिअर एका कुत्र्याला ऐकू जाईल इतक्याच आवाजात बोलतो. दोन्ही एकाच नाटकातून आले, दोन्ही दहा-अकरा वर्षांच्या अंतरानं याच देशात उभे राहिले. एकावर तुमच्या पुरवण्यांत दर दोन वर्षांनी लेख येतो. दुसऱ्यावर मराठीत सलग असा एकही लेख माझ्या वहीत नाही. कुसुमाग्रजांचा जन्मदिवस २७ फेब्रुवारी, आपला मराठी भाषा गौरव दिन. जेनिफरचा त्याच्या दुसऱ्याच दिवशी. एका चांगल्या लेखकाला या दोन लिअरांवर लिहायला सांगा, इतकं छान पान होईल!

या सिनेमासाठी अपर्णा सेन यांना दिग्दर्शनाचा आणि अशोक मेहता यांना छायाचित्रणाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. अभिनयाचा त्या वर्षी ‘उमराव जान’साठी रेखाला मिळाला. लंडनच्या ‘ईव्हनिंग स्टँडर्ड’ या वर्तमानपत्रानं जेनिफरला सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरवलं. १९८३ च्या बाफ्टा या ब्रिटिश चित्रपट पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीच्या यादीत चार नावं होती: कॅथरिन हेपबर्न, डायन कीटन, सिसी स्पेसेक आणि जुहूची जेनिफर केंडल. पुरस्कार हेपबर्नला गेला. पण आपल्या देशातल्या सिनेमातल्या कामासाठी त्या यादीत बसलेली ही बाई, आणि आपण तिला ‘गोरी सून’ म्हणून एका ओळीत संपवतो.

त्यानंतर तिच्याकडे वेळ फार उरला नव्हता. १९८२ मध्ये आतड्याच्या कर्करोगाचं निदान झालं. ‘हीट अँड डस्ट’मध्ये १९८३ साली तिचं छोटं काम आहे. ‘द फार पॅव्हिलियन्स’ या टेलिव्हिजन मालिकेतही एक छोटी भूमिका आहे. सत्यजित राय यांच्या ‘घरे बाइरे’मध्ये ती नायिका विमलेला इंग्रजी आणि गाणं शिकवणारी मिस गिल्बी आहे. मोजकीच दृश्यं. ती पाहताना मला नेहमी वाटतं, ज्या बाईनं तरुणपणी पोर्शिया केली ती शेवटी पुन्हा शिकवायलाच बसली. ७ सप्टेंबर १९८४ ला लंडनमध्ये ती गेली. एक्कावन्न वर्षांची होती.

तिच्या वाढदिवशी, २८ फेब्रुवारीला, पृथ्वीमध्ये सकाळी झाकीर हुसेन तबला वाजवायचे. अनेक वर्षं. मी दोनदा गेले होते. आत जागा मिळणं कठीण, बाहेर पायऱ्यांवर माणसं. भाषणं नाहीत, सत्कार नाही. झाकीरभाई २०२४ च्या डिसेंबरात गेले. ती सकाळ ज्यांनी पाहिली आहे असे लोक अजून मुंबईत पुष्कळ आहेत. त्यांना बोलतं करा.

आणि घाई करा, असं मी हात जोडून सांगते. १९७८ ते १९८४ या काळात पृथ्वीवर ज्यांनी जेनिफरबरोबर काम केलं त्यांतले बरेच आज सत्तरीच्या पुढे आहेत. ओम पुरी गेले, दुबे गेले, गो. पु. गेले, डॉ. लागू गेले, शशी कपूर गेले, आता झाकीरभाईही. प्रकाशयोजना करणारे, तिकीटखिडकीवर बसलेले, नेपथ्य उचलणारे, चहा देणारे, यांच्यातल्या मराठी माणसांच्या आठवणी कुणी लिहून घेतलेल्या नाहीत. त्यांना इंग्रजी पत्रकार विचारत नाहीत. त्यांना तुम्हीच विचारू शकता, त्यांच्या भाषेत.

मुलाखत घ्यायला जाणाऱ्या तुमच्या बातमीदाराला एक विनंती कराल का? शशी कपूर कसे होते, हा प्रश्न पहिला विचारू नये. लोक मग त्यांच्याबद्दलच बोलत राहतात, मी हे अनुभवलंय. जेनिफर तालमीला कुठे बसायची, कुणाला काय बोलायची, कुठल्या गोष्टीवर चिडायची, हे विचारावं. नाट्यगृहाच्या हिशेबाबद्दल विचारावं. मराठी नाटकवाल्यांशी ती कशी बोलायची ते विचारावं. काही कडू उत्तरंही येतील. परक्या भाषेतल्या शिस्तीच्या बाईशी सगळ्यांचं पटलं असेल असं नाही. तेही छापा.

२०२८ च्या ५ नोव्हेंबरला पृथ्वी पन्नास वर्षांची होईल. २०३३ मध्ये जेनिफरची जन्मशताब्दी. तेव्हा सगळेच लिहितील. मला त्याच्या आधीचं पान हवंय, विष्णुदास भाव्यांच्या शेजारचं, त्याच दिवसाचं. त्यात तिचं नाव ‘जेनिफर केंडल’ असं छापा. पुढे कपूर लावायचं असेल तर लावा, ते आडनावही तिनं प्रेमानं घेतलं होतं. पण पहिल्या वाक्यात ती कुणाची पत्नी होती हे नको. पहिल्या वाक्यात ती नटी होती असं लिहा.

माझी कात्रणांची वही कुणाला लागली तर मी द्यायला तयार आहे. तुमच्या कचेरीत स्वतः आणून देईन, आणि काम झाल्यावर परत न्यायला येईन. फोटोच्या बाबतीत एकच मागणं आहे. लग्नाचा फोटो सहज मिळतो, मुलांबरोबरचाही मिळतो, सगळे तोच लावतात. तो या वेळी राहू द्या. ‘३६ चौरंगी लेन’मधला लावा, व्हायोलेटबाईंचा, केक घेऊन निघालेल्या.

आपली नम्र,
एक निवृत्त इंग्रजी शिक्षिका
गोरेगाव, मुंबई